एका होडीपुरती जागा

१९९६ ते २०१२ या काळात ऑलिम्पिकचे पाच सोहळे झाले. कनू स्लॅलममधल्या पुरुषांच्या सी-१ प्रकारात, म्हणजे एकट्यानं गुडघ्यांवर बसून एकपाती वल्ह्यानं चालवायच्या होडीत, या पाचही वेळी सुवर्णपदक दोघांतच राहिलं. अटलांटा आणि बीजिंग स्लोव्हाकियाच्या मिखाल मार्तिकानचं, तर सिडनी, अथेन्स आणि लंडन फ्रान्सच्या टोनी एस्तांगेचं. आपल्याकडे खेळातल्या जोड्यांबद्दल पुष्कळ लिहिलं जातं. सेना-प्रॉस्ट, बोर्ग-मॅकेन्रो, फेडरर-नदाल ही नावं मराठी वाचकाला तोंडपाठ आहेत. त्यांच्या तोडीची ही जोडी मात्र आपल्याकडे जवळपास अनोळखी राहिली. या पुस्तकाची पुढची पानं एस्तांगेच्या कारकिर्दीची आहेत, पण मार्तिकानला बाजूला ठेवून ती वाचता येणार नाहीत, हे आधीच सांगून टाकतो.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच सांगायला हवी. तीन सुवर्णपदकं मिळवणाऱ्या खेळाडूची कहाणी आपण चढत्या पायऱ्यांसारखी वाचतो. एस्तांगेच्या कहाणीत प्रत्येक वळणावर जागा एका होडीपुरती होती आणि तिच्यावर हक्क सांगणारे दोघं होते. कधी तो दुसरा माणूस सख्खा भाऊ होता, कधी मार्तिकान, कधी आपल्याच देशातला ताजा विश्वविजेता. मला ही कारकीर्द मोठी वाटते ती पदकांच्या संख्येपेक्षा या दुसऱ्या माणसांमुळे.

पण आधी खेळ समजून घेऊ.

ताम्हिणी घाट उतरून कोलाडला राफ्टिंगला गेलेल्यांना या खेळातलं पाणी थोडंफार ठाऊक असतं. मुळशी धरणाचं पाणी भिऱ्याच्या वीजघरातून खाली येतं आणि कुंडलिकेत सोडलं जातं. सकाळी ते यायच्या आधी पात्रात नुसते दगड दिसतात आणि राफ्टवाले काठावर वाट पाहत बसलेले असतात. पाणी आलं की त्याच दगडांवर लाटा उभ्या राहतात. तिथला गाइड ‘एडीत घ्या’ म्हणून ओरडतो, तेव्हा त्याला मोठ्या खडकामागचं ते पाणी हवं असतं जे प्रवाहाबरोबर जात नाही, उलट वर सरकत राहतं. सगळी नदी खाली धावत असते आणि दोन हातांवर पाण्याचा एक तुकडा विरुद्ध दिशेला वाहत असतो. स्लॅलमचा सगळा डाव या दोन पाण्यांच्या सीमेवर मांडलेला आहे.

मार्ग साधारण २०० ते ४०० मीटरचा. त्यावर तारांना टांगलेली १८ ते २५ गेट्स. एका गेटला दोन दांड्या, पाण्याच्या जेमतेम वर लोंबणाऱ्या. हिरवी-पांढरी गेट्स प्रवाहाच्या दिशेनं पार करायची. लाल-पांढरी किमान सहा गेट्स उलटी, म्हणजे खालच्या बाजूनं शिरून प्रवाहाविरुद्ध वर जायचं. दांडीला होडी, वल्हं किंवा अंगाचा कुठलाही भाग लागला तर २ सेकंदांचा दंड. गेट चुकलं तर ५०, म्हणजे तिथेच शर्यत संपली. खेळाडूचं संपूर्ण डोकं आणि होडीचा काही भाग दोन दांड्यांमधून जायला हवा, असा नियम आहे. त्यामुळे उरलेली होडी दांडीखालून सरकवता येते, आणि चांगले खेळाडू तेच करतात.

एक उलटं गेट जवळून पाहा. होडी प्रवाहाच्या वेगानं खाली येत असते. गेट डाव्या काठाशी, खडकामागच्या एडीत टांगलेलं. खेळाडू ते मागे जाऊ देतो आणि नेमक्या क्षणी होडीचं नाक एडीत घुसवतो. नाक आता वर जाणाऱ्या पाण्यात, शेपटी अजून खाली धावणाऱ्या पाण्यात. नदीच होडी फिरवू लागते. तो कंबरेतून मागे झुकतो, शेपटी पाण्याखाली जाते, नाक हवेत उठतं आणि होडी जवळजवळ उभ्या जागी वळते. त्याच वेळी वल्ह्याचं पातं दांडीच्या पलीकडे वर जाणाऱ्या पाण्यात रोवलेलं असतं आणि तो स्वतःला त्या पात्याकडे खेचून घेतो. जुन्या वाड्याच्या बुटक्या दारातून रोज ये-जा करणारा माणूस न बघता मान लववतो, तशी त्याची मान आणि खांदा दांडीला वळसा घालतात. दांडी हललीसुद्धा नाही. दोन फटक्यांत तो पुन्हा मुख्य प्रवाहात असतो. सगळं मिळून दोन-तीन सेकंद. आतली दांडी वाचवायला अर्ध्या हाताचं अंतर जास्त ठेवलं तर वेळ जातो, कमी ठेवलं तर दंड बसतो.

सी-१ मध्ये यात आणखी एक अडचण असते. कायाकमध्ये खेळाडू पाय पसरून बसतो आणि वल्ह्याला दोन्ही टोकांना पाती असतात. सी-१ मध्ये मांड्या पट्ट्यांनी जखडलेल्या, पाय अंगाखाली दुमडलेले आणि पातं एकाच बाजूला. वळण दुसऱ्या बाजूला आलं की हात न बदलता कंबरेतून पिळून वल्हं होडीवरून पलीकडे न्यायचं. शरीराची एक बाजू कायमची बलवान आणि दुसरी कायमची उसनवारीची. कुठलं गेट कुठल्या काठाला आलंय यावर डावखुऱ्याचा दिवस चांगला जाणार की उजव्याचा, हे थोडंफार ठरतं.

या मार्गावर सराव करू देत नाहीत. गेट्सची मांडणी शर्यतीसाठी नव्यानं होते, ती काठावरून पाहायची, कुणी नमुन्यादाखल होडी नेऊन दाखवली तर तिच्यावर नजर ठेवायची आणि सगळं डोक्यात साठवायचं. सुरुवातीच्या रेषेजवळ डोळे मिटून हातांनी हवेत वल्ही मारणारे खेळाडू दिसतात. ते पाठ केलेला मार्ग मनात म्हणून पाहत असतात. मग पाण्यात उतरलं की लाट पाठ केलेल्या जागी नसते, कारण कृत्रिम मार्गावर पंपानं उचललेलं पाणीसुद्धा एकसारखं वाहत नाही. अशा खेळात एकदा जिंकणं समजू शकतं. त्याच प्रकारात बारा वर्षांच्या अंतरानं पुन्हा जिंकणं का घडतं, ते समजावून सांगावं लागतं.

एस्तांगेचा जन्म ६ मे १९७८ चा, पो शहरातला. पिरेनीज पर्वताच्या पायथ्याचं हे फ्रेंच गाव. तिथून वाहणारी गाव्ह द पो ही नदी वरच्या अंगाला लूर्दच्या प्रसिद्ध तीर्थस्थळाजवळून येते. घरात कनू आधीपासून होती. वडील आंरी स्वतः नदीत होडी घालणारे. तीन भावांत टोनी धाकटा. मधला पॅट्रिस आधी नावाजला आणि १९९६ मध्ये अटलांटा ऑलिम्पिकला सी-१ मध्ये कांस्यपदक घेऊन आला. अठरा वर्षांच्या टोनीसाठी ऑलिम्पिक पदक ही घरात दिसणारी वस्तू झाली.

ती अटलांटाची शर्यत प्रत्यक्षात टेनेसीमधल्या ओकोई नदीवर झाली. कुंडलिकेसारखीच ही नदी धरणातून सोडलेल्या पाण्यावर चालते. त्या दिवशी जिंकला सतरा वर्षांचा एक मुलगा. लिप्तोव्स्की मिकुलाश हे तात्रा पर्वतांमधलं गाव, तिथली वाह नदी आणि प्रशिक्षक म्हणून वडील, एवढ्या शिदोरीवर मिखाल मार्तिकान आला होता. त्याची वेळ १५१.०३ सेकंद. आदल्या ऑलिम्पिकचा विजेता, चेक लुकाश पोलेर्ट याची १५१.१७. चेकोस्लोव्हाकिया विभागून जेमतेम साडेतीन वर्षं झाली होती आणि स्वतंत्र स्लोव्हाकियाचं हे पहिलं ऑलिम्पिक सुवर्णपदक होतं. पॅट्रिस एस्तांगे १५२.८४ वर तिसरा. म्हणजे मार्तिकानशी पहिली गाठ एस्तांगे घराण्यातल्या मोठ्या भावाची पडली होती, धाकट्याची नव्हे.

चार वर्षांनी सिडनीसाठी फ्रान्सच्या संघाची निवड झाली तेव्हा धाकट्यानं जागा मिळवली आणि मोठ्याची हुकली. पुस्तकाचा हा भाग मी सगळ्यांत जास्त वेळा वाचला. ज्या भावाच्या होडीमागे होडी घालून शिकलो, ज्याच्या पदकामुळे स्वप्न पडलं, त्याचंच ऑलिम्पिक आपल्यामुळे जातं. मराठी घरांत हे नातं वेगळं सांगायची गरज नाही. एकाच आखाड्यात उतरलेले भाऊ, एकाच संघाची दारं ठोठावणारे भाऊ आपण पाहिलेले आहेत, आणि त्यांच्या घरातल्या जेवणाच्या वेळची शांतताही. टोनीनं पेनरिथच्या कृत्रिम मार्गावर सुवर्णपदक जिंकलं. दोन फेऱ्या मिळून २३१.८७ सेकंद. मार्तिकान २३३.७६ वर दुसरा, त्याचाच देशबंधू युराय मिन्चिक तिसरा. बावीस वर्षांच्या टोनीला या विजयाचा निर्मळ आनंद किती झाला असेल, हे ज्यानं त्यानं ठरवावं. मला वाटतं, पुढच्या बारा वर्षांत तो ज्या चिकाटीनं त्याच रेषेवर परत परत आला, तिच्यात या निवडीचा वाटा आहे. भावाची जागा घेतलेल्या माणसाला ती जागा सहज सोडून देता येत नाही.

मग अथेन्स, २००४. ग्रीसनं स्लॅलमचा मार्ग हेलिनिकोनच्या जुन्या विमानतळाच्या जागेवर बांधला होता आणि त्यात समुद्राचं खारं पाणी खेळवलं होतं. उपांत्य आणि अंतिम फेरीची बेरीज धरायची होती. मार्तिकान वेगानं उतरला, जिंकल्यासारखा वाटला. पण पंचांनी एका गेटला झालेला स्पर्श धरला. दोन सेकंद वाढले आणि फलकावर क्रम बदलला. एस्तांगे १८९.१६, मार्तिकान १८९.२८. मधलं अंतर १२ शतांश सेकंद.

या निकालावर स्लोव्हाकियात किती बोललं गेलं असेल, याची कल्पना करता येते. काठावर बसलेल्या गेट-पंचाचं काम अवघड असतं. पाणी उसळतं, वाऱ्यानंसुद्धा दांडी हलते, आणि जाकिटाचा कोपरा दांडीला घासून गेला तर ते पाहणाऱ्याला दिसतंच असं नाही. तरी पंचानं निवाडा द्यायचा असतो. मला विचाराल तर हा निकाल न्याय्य होता. स्पर्श टाळणं हा वेगाइतकाच या खेळाचा भाग आहे, आणि त्या दिवशी एस्तांगे दांडीपासून जेवढा दूर राहिला तेवढा मार्तिकान राहिला नाही. पण न्याय्य असूनही हा निकाल एखाद्या खेळाडूला कडू करून सोडू शकला असता. मार्तिकाननं पुढे काय केलं ते पाहायला हवं. तो २००७ मध्ये पुन्हा विश्वविजेता झाला, आधीची १९९७, २००२ आणि २००३ ची विजेतेपदं हिशेबात होतीच. आणि मग तो बीजिंगला गेला.

मधल्या काळात होडीच बदलली होती. २००५ पासून स्लॅलमच्या होडीची किमान लांबी चार मीटरवरून साडेतीन मीटरवर आली. कागदावर हा बदल अर्ध्या मीटरचा आहे. प्रत्यक्षात वळण्याची सगळी पद्धत बदलली. लांब होडीत वेग जपत मोठे वळसे घ्यायची सवय झालेल्यांना आखूड, भिरभिरत्या होडीत नव्यानं बसायला शिकावं लागलं. कितीतरी नावाजलेले खेळाडू या टप्प्यावर मागे पडू शकले असते. एस्तांगेच्या बाबतीत उलटं घडलं. दोन ऑलिम्पिक सुवर्णपदकं गळ्यात असूनही त्याला वैयक्तिक जागतिक विजेतेपद तोवर मिळालं नव्हतं. ते २००६ मध्ये प्रागला मिळालं, आखूड होडीत. आधी ऑलिम्पिक आणि मग विश्वविजेतेपद असा उलटा क्रम फार थोड्यांच्या वाट्याला येतो.

बीजिंगला फ्रान्सचा ध्वज त्याच्या हातात दिला. दोनदा जिंकलेला, तिसऱ्यांदा जिंकायला निघालेला माणूस. तो अंतिम फेरीतही पोचला नाही. शुन्यीच्या मार्गावर उपांत्य फेरीत त्याचं सगळं गणित बिघडलं आणि अंतिम फेरी त्यानं बाहेरून पाहिली. मार्तिकान १७६.६५ वेळेत जिंकला, जवळजवळ दोन सेकंदांनी. बारा वर्षांपूर्वी सतराव्या वर्षी मिळालेलं पद त्यानं एकोणतिसाव्या वर्षी परत मिळवलं. अथेन्सचा हिशेब त्यानं पाण्यातच चुकता केला, तोही अशा दिवशी की त्याचा सगळ्यांत मोठा प्रतिस्पर्धी समोर नव्हता.

कारकिर्दीच्या या टप्प्यावर एस्तांगे तिशीचा होता. इथे थांबला असता तर कुणी दोष दिला नसता. बीजिंगनंतर त्यानं तयारीची रीत बदलली. बार्सिलोना ऑलिम्पिकमध्ये कायाकचं रौप्यपदक मिळवलेला सिल्व्हँ क्युरिनिए त्याच्यासोबत प्रशिक्षक म्हणून आला. २००९ मध्ये ला सेउ द’उर्जेलला आणि २०१० मध्ये ल्युब्लियानाजवळच्या तात्सेनला त्यानं जागतिक विजेतेपदं जिंकली. २००९ ची जागा मला विशेष वाटते. वीस वर्षांच्या खंडानंतर १९९२ मध्ये ऑलिम्पिक स्लॅलम परतलं ते याच पिरेनीजमधल्या मार्गावर, त्याच्या स्वतःच्या डोंगरांच्या दुसऱ्या उतारावर.

पण लंडनसाठी देशाला सी-१ मध्ये एकच होडी पाठवता येणार होती. आणि २०११ मध्ये ब्रातिस्लाव्हाला विश्वविजेता झाला तो फ्रान्सचाच देनी गार्गो शानू, एस्तांगेपेक्षा नऊ वर्षांनी लहान. दुनियेतला त्या वर्षीचा सर्वोत्तम खेळाडू घरातच, आणि त्याला मागे टाकल्याशिवाय ऑलिम्पिकला जाता येणार नाही. बारा वर्षांपूर्वी टोनी धाकटा म्हणून मोठ्याची जागा घ्यायला उभा होता. आता तोच मोठा झाला होता आणि धाकटा जागेसाठी मागून येत होता. निवड एस्तांगेनं जिंकली. या निवडचाचणीबद्दल जगानं फारसं लिहिलं नाही. मला ती लंडनच्या अंतिम फेरीपेक्षा अवघड वाटते.

अंतिम फेरी ३१ जुलै २०१२ रोजी लंडनजवळच्या ली व्हॅलीत झाली. आता पद्धतही बदलली होती. बेरीज नाही, शेवटची एकच फेरी धरायची. एस्तांगे ९७.०६. जर्मनीचा सिडेरिस टासियाडिस ९८.०९. मार्तिकान ९८.३१, कांस्यपदक. एकाच माणसाच्या नावावर सलग पाच ऑलिम्पिकमधली पाच पदकं, त्यात दोन सुवर्ण, दोन रौप्य आणि एक कांस्य, हा मार्तिकानचा हिशेब त्या दिवशी पूर्ण झाला. तीन वेगवेगळ्या ऑलिम्पिकमध्ये तीन वैयक्तिक सुवर्णपदकं हा एस्तांगेचा. दोघं एकाच मंचावर उभे होते, एक चौतीस वर्षांचा आणि दुसरा तेहतीस. या दोघांतला मोठा कोण, हा वाद मला घालावासा वाटत नाही. पाणी वाचण्याची उपजत समज मार्तिकानकडे जास्त होती, असं मला वाटतं. सतराव्या वर्षी ओकोईवर जे केलं ते शिकवून येत नाही. एस्तांगेकडे वेगळी ताकद होती. ठरलेल्या एका दिवशी, एका फेरीत, स्वतःला तिथे नेऊन उभं करण्याची. मार्तिकान नसता तर ती ताकद इतकी घासून तयार झाली असती, असं मला वाटत नाही.

लंडननंतर एस्तांगेनं वल्हं खाली ठेवलं. पुढे तो आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचा सदस्य झाला, पॅरिसच्या यजमानपदासाठी त्यानं धडपड केली आणि मग पॅरिस २०२४ च्या संयोजन समितीचा अध्यक्ष झाला. पुस्तकात हा भाग मोठा आहे. इथे त्याबद्दल थोडंच सांगतो. २६ जुलै २०२४ च्या उद्घाटनाला खेळाडू मैदानात चालत आले नाहीत, भर पावसात सेन नदीवरून होड्यांतून आले. ती कल्पना एकट्याची नव्हती, पण नदीवर वाढलेला माणूस त्या खुर्चीत होता म्हणून ती टिकली, असं मला मनापासून वाटतं.

गार्गो शानूला त्याची जागा २०१६ मध्ये मिळाली आणि रिओमध्ये त्यानं सुवर्णपदक जिंकलं. त्याच वर्षी स्लोव्हाकियाची एक जागा मातेय बेन्यूशनं घेतली, मार्तिकानला घरी राहावं लागलं आणि बेन्यूश रौप्यपदक घेऊन परतला. सी-१ ची ऑलिम्पिक जागा स्त्रियांना तर त्यानंतर, टोकियोतच मिळाली. तिथे ऑस्ट्रेलियाची जेसिका फॉक्स जिंकली आणि पॅरिसनंतर सहा ऑलिम्पिक पदकं तिच्या नावावर आहेत. बायकांनी गुडघ्यावर बसून होडी चालवायला कितीतरी आधी सुरुवात केली होती. दार इतक्या उशिरा उघडलं, ही या खेळाच्या कारभाराची लाजिरवाणी बाजू आहे.

आपल्याकडे हा खेळ नर्मदेवर वाढतो आहे. अहिल्याबाईंच्या महेश्वरपासून जवळ सहस्रधारेला नदी खडकांवरून फुटून वाहते, तिथे २०२३ मध्ये खेलो इंडिया युवा स्पर्धांची स्लॅलम शर्यत झाली. तिथल्या मुलांच्या हातात हे पुस्तक पडावं, अशी माझी इच्छा आहे. त्यांनी अथेन्सच्या आधी सिडनीच्या निवडीचं प्रकरण वाचावं आणि बीजिंगचं दोनदा.

२९ जुलै २०२४ रोजी पॅरिसजवळच्या व्हेर-स्युर-मार्नला, एस्तांगेनं भरवलेल्या खेळांमध्ये, पुरुषांच्या सी-१ ची अंतिम फेरी झाली. सुवर्ण फ्रान्सच्या निकोला जेस्तँला मिळालं, कांस्य स्लोव्हाकियाच्या मातेय बेन्यूशला.